चिंगीचा घसा बसला तेव्हा

“यापुढं आवाज बदलून बोलायचं नाही,” नांदेडच्या डॉक्टरांनी स्पष्ट सांगितलं. माझ्या स्वरतंतूंवर गाठी आल्या होत्या.

माझं तर पोटच त्या बदललेल्या आवाजावर. लोकल केबल चॅनेलवर चिंगी नावाची शेळीची बाहुली घेऊन मी मुलांना पाढे, जोडाक्षरं शिकवायचे. बाहुली हातमोज्यासारखी. आत हात घालून जबडा हलवायचा आणि चिरक्या आवाजात आपणच बोलायचं.

प्रोड्यूसर रज्जाकभाईंना हे सांगितलं. ते म्हणाले, “मॅडम, उद्याचं अहमदपूरचं शूटिंग कॅन्सल न्हाई होत. तेवढं करा. पुढं दुसरा आवाज बघतो.”

“आणि मी?”

“बघू की.”

दुसऱ्या दिवशी एसटीत चिंगीला मांडीवर घेऊन बसले. माझ्याच जुन्या शालीची शिवलेली. उद्यापासून तिच्यात दुसऱ्या कुणाचा तरी हात असणार, हे काही केल्या पचत नव्हतं.

शाळेच्या मैदानात पोरं दाटीनं बसली होती. कॅमेरा सुरू झाला. मी माझ्या साध्या, घोगऱ्या आवाजात चिंगीला बोलायला लावलं. पुढच्या रांगेतली एक पोरगी ताडकन उठली.

“ही चिंगी न्हाई! चिंगी अशी बोलत न्हाई!”

सगळी पोरं हसली. मी चिंगीचं तोंड कानाशी नेलं.

“चिंगी म्हणतीय, घसा बसलाय. तिच्याऐवजी कोण बोलणार?”

“मी बोलती!” तीच पोरगी. आणि अगदी चिरक्या आवाजात सुरू झाली, “सात एके सात...”

शब्द आणि बाहुलीचं तोंड जुळवायचं, याला आम्ही लिप-सिंक म्हणतो. एरवी पुढचा शब्द मला ठाऊक असायचा. इथं मी त्या पोरीच्या ओठांकडं बघत जबडा हलवत होते. सात सकला ती अडली. चिंगीचं तोंड मी उघडंच ठेवलं. मला उत्तर सांगायची लई घाई झाली होती, पण थांबले. पोरं बोटांवर मोजू लागली, आपसांत भांडली, आणि मग मैदानभर गलका झाला, “बेचाळीस!”

रज्जाकभाई कॅमेऱ्यामागून म्हणाले, “दुसरा आवाज कशाला बघू? इथं एवढे हायत की!”

पुढं कंधारपासून लातूरपर्यंत गावोगाव फिरलो. कार्यक्रमाच्या दर भागात तिथलंच एखादं पोर चिंगी व्हायचं. कालांतरानं चॅनेल बंद पडलं. माझा चिरका आवाज काही परत आला नाही. आजही नांदेडच्या बाजारात एखादी लेकुरवाळी थांबवते. “मॅडम, मी एकदा चिंगी झाले होते,” म्हणते आणि लाजते.

पोरं विचार करत असताना आपण गप्प बसावं. या धंद्यात मला सगळ्यांत उशिरा जमलं ते हेच.