दासगावची उघाडी

वीर स्टेशनवर माझी वडोदऱ्याची गाडी यायच्या आधीच आबा निघून गेले. आबा म्हणजे माझे वडील. पायांवर चिखल वाळलेला, नजर सारखी घड्याळाकडे. "भरती चढायच्या आत उघाडी लावायला पायजे. तू नीट जा," म्हणाले आणि परतीच्या रिक्षात बसले. मला राग आला होता.

गावी राहिलेल्यांना उघाडी सांगायला नको. बाहेर वाढलेल्या आपल्या मुलांसाठी लिहितो. दासगावात सावित्री नदीला खाडीचं पाणी येतं, दिवसातून दोनदा चढतं. भरतीला ते आमच्या भातशेतापेक्षा उंच, मधे फक्त मातीचा बांध. बांधातलं लाकडी दार ती उघाडी. ओहोटीला उघडून शेतातलं पाणी सोडायचं, भरतीआधी लावायची. आई ओहोटी बघून शिंपल्या काढायला जायची आणि घरी यायची ती चिखलाचा खारट वास घेऊन. आमचं जेवणसुद्धा पाण्याच्या वेळेवर. इथे वडोदऱ्यात माझा दिवस कारखान्याच्या शिफ्टवर चालतो. खिडकीबाहेर काही चढत नाही, उतरत नाही.

माझ्या नोकरीच्या तिसऱ्या वर्षी मोठ्या उधाणात बांधाला खांड पडली. आबांचा फोन आला. "दोन दिवस येशील काय रे? गावात माणसं नाय."

"सुट्टी मिळत नाही, आबा," मी म्हणालो. खरं तर मी मागितलीच नव्हती. नुकताच सुपरवायझर झालो होतो, विचारायचा संकोच वाटला. आबा आणि शेजारचे दोन म्हातारे दगडमाती टाकत राहिले. भरती ती ओढून नेत राहिली. आठवडाभरात शेत खारं झालं.

गेल्या मे महिन्यात गेलो, तर आमच्या खाचरात खांद्याएवढी कांदळं, खाऱ्या चिखलात उगवणारी खारफुटी. आबा त्यांतून वाट काढत पाग टाकायला निघाले. मी मागोमाग. पाणी गुडघ्याला लागलं तेव्हा सांगून टाकलं, "तेव्हा मी सुट्टी मागितलीच नव्हती, आबा."

त्यांनी जाळं झटकलं. "ठावं हाय. तुझा आवाज वळखत नाय काय मी?"

जाळं पुन्हा फेकलं, ओढून घेतलं. मग म्हणाले, "बोयटं गावलीत. आईकडं नेऊन दे, ताजी हायत तोवर."

परत येऊन आता बरेच महिने झाले. सोसायटीत कुणी विचारतं, गावाला शेतीबिती आहे का? 'होती' हा शब्द तोंडातून निघत नाही. आहे, म्हणतो. सध्या खाडीकडे आहे.