शिंगाड्याच्या पिठाचे गुलाब

पीओपीची, म्हणजे प्लास्टर ऑफ पॅरिसची, फुलं करायचं खूळ माझ्या डोक्यात मोबाइलवर बघून शिरलं. पीओपी पाण्यात कालवायचं, चमच्यानं प्लास्टिकवर पाकळ्या ओढायच्या, वाळल्या की गुलाब जुळवायचा. सासूबाई म्हणायच्या, "पसारा नुसता!" पण आल्यागेल्याला दाखवायच्या मात्र त्याच.

पीओपीला दमट हवा सोसत नाही, म्हणून मी ते घट्ट झाकणाच्या स्टीलच्या डब्यात भरून स्वयंपाकघरात ठेवलं होतं. स्वयंपाकघरात कशाला म्हणाल, तर आमच्या दोन खोल्यांत दुसरी जागा तुम्हीच शोधून दाखवा!

त्या एकादशीला कामं उरकून मी गॅलरीत पेपर अंथरला. पाकळ्या ओढल्या आणि वाट बघत बसले. एरवी चहा होईस्तोवर दगड होणारं ते, आज नुसतं चिकट. गुलमंडीवरच्या दुकानदाराला मनातल्या मनात चार शिव्या हासडल्या. भेसळीचा माल दिला मेल्यानं! मग शंका आली म्हणून बोट जिभेला लावलं आणि माझ्या काळजाचं पाणी झालं. ते शिंगाड्याचं पीठ होतं.

आदल्या दिवशी सासूबाईंनी मांडणी धुऊनपुसून लावली होती. पीओपीचा आणि शिंगाड्याच्या पिठाचा, दोन्ही डबे सारखेच, त्यांची अदलाबदल झाली. आणि सकाळीच त्यांनी सासऱ्यांसाठी उपासाची थालीपीठं लावली, बटाटा मिळून यावा म्हणून शिंगाड्याचं समजून पीओपीच्या डब्यातलं पांढरं पीठ मूठभर घातलं. मी समोर उभी होते! सासूबाईंना गोळ्यांमुळं उपास नाही, मी धरत नाही, म्हणजे खाणारे एकटे सासरे.

"दादा, थालीपीठ खाल्लं का तुम्ही?" मी ओरडतच आत सासऱ्यांकडं गेले.

"व्हय, दोन खाल्ली. का गं?"

सासरे एकादशीचे कडक. गावी पाचोडला होते तेव्हापासून त्यांचा उपास कधी मोडला नाही, हे सगळ्या भावकीला पाठ.

मी डब्यांचं सांगितलं तसा सासूबाईंनी हंबरडाच फोडला. पोटात जाऊन घट्ट झालं तर? मी खाली पळत जाऊन रिक्षा थांबवली, दोघांना आत कोंबलं आणि दवाखान्याकडं निघालो.

"आगं, मला काय बी होत नाय. लई ठणठणीत हाय मी."

"गप बसा तुम्ही!" सासऱ्यांवर मी आयुष्यात पहिल्यांदा खेकसले.

सासूबाईंनी त्यांचा हात घट्ट धरला होता. "माझ्या हातानं वाढलं हो तुम्हाला. ह्या हातानं!" असं म्हणून त्या हुंदके द्यायला लागल्या. सासऱ्यांचा चेहरा पडला. मला वाटलं, झालं, दुखायला लागलं.

त्यांनी रिक्षावाल्याच्या खांद्यावर हात ठेवला. "थांब रे बाबा."

रिक्षा बाजूला लागली. सासरे बाहेर बघत म्हणाले, "मी खाल्लंच नाय ते. तू आत गेलीस अन् मी कागदात गुंडाळून घंटागाडीत टाकलं."

"अन् मग?" सासूबाईंचं रडं थांबलं.

"मग चौकात जाऊन भजी खाल्ली." पुढं म्हणाले, "लई एकादश्या झाल्या आता असं चाललंय. उपासाच्या खाण्यावर भूक निघत नाय गं पहिल्यासारखी. तुला सांगायची लाज वाटली."

देवा रे! मला इतकं हलकं वाटलं की भर रस्त्यात मी हसायला लागले आणि हसता हसता रडले. रिक्षावाला आरशातून माझ्याकडं बघत म्हणाला, "बाजी, दवाखाने चलना क्या वापस घर?"

मी सासूबाईंकडं बघितलं. आता सासऱ्यांची काही धडगत नाही, असंच मला वाटलं. त्यांनी पदरानं डोळे पुसले, नाक पुसलं. सासऱ्यांचा हात अजून त्यांच्याच हातात होता.

"पोटभर खाल्ली का?"

"व्हय."

"बरं झालं," त्या म्हणाल्या. "देवाला काय सांगायचं ते मी बघते."