तिसरी पायरी

"तिथंच ठिव. वर येऊ नको."

मालकाच्या ओट्याला पाच पायऱ्या. किराया तिसरीवर ठेवायचा. वाऱ्यानं नोटा उडू नयेत म्हणून आडतीतलं एक जुनं लोखंडी वजन तिथं कायम असायचं. ते नोटांवर ठेवायचं आणि मागं फिरायचं. आमी फाटकाबाहेर गेल्यावरच नोटा उचलल्या जायच्या. कोण उचलायचं, ते मी एकतीस वर्षांत पाहिलं नाही.

मी मानवतच्या मोंढ्यातला, म्हणजे धान्यबाजारातला हमाल. त्याच मालकाच्या आडतीवर पोती वाहिली. माझ्या पाठीच्या घामानं ओलं झालेलं गव्हाचं पोतं सरळ त्याच्या कोठीत जायचं. त्या गव्हाची पोळी त्याला चालायची. माझ्या हातची नोट चालत नव्हती. आमची जात काय, हे वेगळं सांगायला नको.

घर म्हणजे मोंढ्यामागं त्याच्याच दोन खोल्या, विटांच्या भिंती आणि वर पत्रा. मी आणि माझी बायको, कौसा. दाराच्या बाहेर भिंतीला टेकून ती धान्य निवडत बसायची. रोज तिथंच. तिच्या डोक्याच्या तेलाचा काळा डाग पडलाय त्या भिंतीवर. दोनदा चुना मारला. डाग वर आला.

कौसा चौथी शिकलेली. मला सही येते, तेवढीच. एकदा ती माझ्यासोबत किराया द्यायला आली. नोटा ठेवल्या आणि पायरीजवळून हललीच नाही.

"मालक, पावती द्या."

ओट्यावर चार व्यापारी चहा पीत होते. मालक हसला.

"पावती? आगं, तुमाला ऱ्हाऊ दिलं हीच पावती. वाचता येती का तुला?"

"येती," कौसा म्हणाली.

"मग कपाळावर काय लिवलंय ते वाच घरी जाऊन."

सगळे हसले. एकाच्या कपातला चहा सांडला, इतके. मी काय केलं? कौसाचं मनगट धरलं आणि ओढत नेलं. "गप. चल." फाटकाबाहेर आल्यावर तिनं हात सोडवून घेतला.

"तुमी मला गप केलं," ती म्हणाली. "त्याला न्हाई केलं."

पुन्हा कधी ती पायरीकडं आली नाही.

मग तिची किडनी गेली. आठवड्यातून दोनदा एसटीनं परभणीच्या दवाखान्यात. येताना ती माझ्या खांद्यावर डोकं टाकून झोपायची. शंभर किलोचं पोतं वाहिलेला खांदा माझा, पण ते डोकं मला जड व्हायचं. पाच महिने किराया राहिला. मालकाच्या वकिलाची नोटीस आली, ती तिच्या उशाशी तशीच पडून राहिली. कौसा गेली. मातीला आडतीवरचे हमाल आले. मालक आला नाही.

महिना झाला आणि कोर्टाचा कागद आला. किराणावाल्याकडून वाचून घेतला. किराया थकला, घर खाली करा, एवढं कळलं. मला वाटलं, थकला आहे तर देऊन टाकू, मिटलं. कौसाचे चांदीचे कडे विकले. सगळा किराया घेऊन गेलो. कुठं? तिसऱ्या पायरीवर. वजन उचललं, नोटा ठेवल्या, वजन ठेवलं. फाटकाबाहेर आलो. पाय आपोआप तिकडंच गेले. एकतीस वर्षं तेवढंच शिकलो होतो.

कोर्टाच्या तारखेला गेलो तेव्हा कळलं, प्रकरण मिटलंच नाही. मग वकील गाठला, पण उशीर झाला होता. तो म्हणाला, "बाबा, किराया कायदा तुमच्या बाजूनं होता. कागद मिळाल्यापासून नव्वद दिवसांत व्याजासकट पैसे कोर्टात भरले असते तर घर वाचलं असतं. मालकाला नव्हते द्यायचे. कोर्टात भरायचे होते." मी दिवस मोजले. कडे विकले त्या दिवशी अजून पन्नास शिल्लक होते.

साक्षीला उभा राहिलो. जज्ज सायेबांनी नीट विचारलं. "बाबा, पैसे दिले म्हणता. कुणाच्या हातात दिले?"

"पायरीवर ठिवले, सायेब."

"उचलले कुणी?"

"मी फाटकाच्या भाईर होतो."

मागं कुणीतरी फिस्सकन हसलं. तो चहा सांडल्याचाच आवाज होता माझ्या कानाला.

मालक पिंजऱ्यात आला. "एक रुपया मिळाला नाही," म्हणाला. डोळा पण हलला नाही. आणि त्याला खोटं पाडणार कोण? ज्यानं माझ्या हातातून कधी काही घेतलंच नाही, त्याला घेताना पाहणार कोण? विटाळ आमचा, आणि सोय त्याची. हे मला कोर्टातल्या बाकाला धरून उभा असताना कळलं. सत्तरी ओलांडल्यावर. कौसाला चौथीत कळलं होतं.

निकाल त्याच्या बाजूनं. अपील करता येतं, वकील म्हणाला, पण दाखवायचं काय?

परवा मालक स्वतः आला. एकतीस वर्षांत पहिल्यांदा माझ्या दारात. लांब उभा राहिला.

"सामान काढ आन किल्ली पायरीवर आणून ठिव. कोर्टाचा बेलिफ घर खाली कराया आला तर तुझीच इज्जत जाईल."

"न्हाई."

"न्हाई म्हंजी?"

"किल्ली माझ्या हातातून घ्या. आन पावती लिवून द्या."

"म्हाताऱ्या, बाई मेल्यापासून डोस्कं फिरलंय तुझं."

"फिरलंय. लिवा. किल्ली मिळाली, हमालाच्या हातून."

मी हात पुढं केला. त्याचे दोन्ही हात पाठीमागं गेले. मी त्या हातांकडंच बघत होतो. तो वळला आणि गेला.

सोमवारी बेलिफ येणार. घर जाणार, हे मला माहीत आहे. लेक बोरीला आहे, एका खोलीत सहा माणसं. सातवा कुठं निजेल, माहीत नाही. कौसाचा डाग मला नेता येणार नाही. नवा भाडेकरू त्यावर रंग मारील.

पण सोमवारी मी दाराला कुलूप लावून त्या डागाला डोकं टेकून बसणार. किल्ली मुठीत. हात पुढं करा, कागद लिवा, मूठ उघडेल. नसता कुलूप तोडा. तोडलेलं कुलूप पंचनाम्यात लिहावं लागतं, वकिलाला विचारून ठेवलंय. मग तेच लिहा.

पायरीवर मी आता काही ठेवणार नाही.