गुडघ्याचं मशीन

आमच्या जुईनगरच्या सोसायटीतले तळमजल्यावरचे काका घरात मेकॅनिकला पाऊल ठेवू देत नाहीत. मिक्सर असो, गीझर असो, सगळं स्वतःच उघडून बसतात. "त्याला मानूस कशाला पायजे?" हे ठरलेलं.

पुरुषांच्या नाजूक तक्रारीवरचं शॉकवेव्ह मशीनही त्यांनी असंच घरी मागवलं. पार्सल चुकून माझ्याकडे आलं आणि खोक्यावर सगळं ठळक छापलेलं होतं. "गुडग्याचा हाय," ते माझ्याकडे न बघता म्हणाले. मी मान डोलावली.

काकूंनी तेच जिनाभर सांगितलं. दुसऱ्याच दिवशी वरच्या मजल्यावरच्या आजी दुखरा गुडघा घेऊन हजर. काकांनी मुकाट्याने त्यावर मशीन फिरवलं, आणि मग आठवडाभर रोज. "म्हातारीचा बरा झाला," ते मला हळूच म्हणाले, "माजा नाय."

परवा खारघरला, त्याच नाजूक तक्रारीच्या दवाखान्यात, ते मला बाकावर बसलेले दिसले. "डाक्टर बोलतो, घरच्या मशीनला जोर नाय. हितला मोठा हाय, पन ग्यारंटी तो पन देत नाय." मग एकदम थांबून त्यांनी मला नीट न्याहाळलं. "तुजा पन गुडगा?"

"गुडघाच," मी म्हणालो.

काका सरकले आणि त्यांनी बाकावर माझ्यासाठी जागा केली.