तांदळातलं नाव

काचेपलीकडच्या बाईंचं बोट माझ्या बायकोच्या अर्जावर थांबलं. जन्मदाखल्यावर कुसुम, पासपोर्टवर मेधा. या देशात कायमचं राहण्याची परवानगी त्या बोटाखाली अडकली होती.

“नाव बदलल्याचा कागद?”

“कागद नाही. लग्नात ह्यांनी ताटातल्या तांदळांवर अंगठीने लिहिलं.”

“मग ते तांदूळ कुठे आहेत?”

“त्यांचा भात झाला.”

मी उसळलो. बारा वर्षं इथे भाजीचं दुकान चालवतोय, तरी दरवेळी यांना नवा कागद हवा! बायकोने माझा दंड दाबला. “अहो, ही मंडई नाही.”

तेव्हा मनात आलं, परक्या घरी कायमचं राहायला हीदेखील एकदा आली होती. मी लिहिलं ते नाव तिने निमूट घेतलं. आयुष्यभर मी प्रत्येक गोष्टीत घासाघीस केली, पण तुला हे नाव चालेल का, एवढं तिला विचारलं नाही.

बाई म्हणाल्या, “प्रतिज्ञापत्र चालेल. कार्डावर कोणतं नाव घालायचं?”

“कुसुम,” माझ्याकडे न बघता ती म्हणाली.

कार्ड येणारच, ते घेतल्याशिवाय मी हटत नाही. घरात हाक मारायची सवय तेवढी मला नव्याने लावून घ्यावी लागेल.