फुलदाणीतलं पाणी

डोळा लागतोय की नाही अशा अवस्थेत हेमलता आठल्ये सोफ्यावर आडव्या झाल्या आहेत. दुपारचे अडीच वाजलेत. सांगलीतल्या त्यांच्या फ्लॅटमध्ये पंखा कुरकुरतोय, टेबलावर हाताने लिहिलेली पानं पसरलीत. पोटात साबुदाण्याची खिचडी आहे आणि डोक्यात राग. खिचडी तरी बरी झाली होती.

रागाचं कारण सकाळचा फोन. कुरिअरवाला म्हणाला, "साहेब, जरा मॅडमना द्या ना." हेमलताबाई म्हणाल्या, "मॅडम झोपल्यात," आणि फोन आपटला. गेल्या वर्षी गळ्यातली गाठ काढली तेव्हापासून त्यांचा आवाज असा झालाय, जाडाभरडा, मध्येच फाटणारा. तीस वर्षं कॉलेजात फ्रेंच शिकवलेल्या बाईंना हे फार लागतं.

आज संध्याकाळी सहाला फिल्म क्लबात नव्वद वर्षांपूर्वीचा एक फ्रेंच बोलपट आहे. पडद्याशेजारी बसून त्यातल्या नायिकेचे, लिझेत वोक्लेनचे, संवाद मराठीत म्हणायचे, हे काम क्लबचे सेक्रेटरी मगदूम यांनी मोठ्या हौसेनं आपल्या जुन्या बाईंवर सोपवलं होतं. बाईंनी महिनाभर खपून भाषांतर केलं. सकाळच्या फोननंतर मात्र त्यांनी मगदुमांना कळवून टाकलं, मी बोलणार नाही, तुमच्या त्या रेडिओवरच्या तन्वीला बोलू दे. लिझेतचा आवाज चांदीच्या वाटीवर चमचा वाजावा तसा आहे, तिथे माझा घसा कशाला? चार वाजता तन्वी कागदांसाठी फोन करणार आहे. एकदा ठरवून टाकलं म्हणजे बरं वाटायला हवं होतं. वाटत नाहीये.

शिवाय शेवटच्या प्रसंगाला आवाजच नाही. नायक रुसून दाराकडे निघतो, लिझेत टेबलावरच्या फुलदाणीत वाकून अर्धा मिनिट काहीतरी बोलते, आणि नायक धावत परत येतो. ती काय बोलते ते कुणालाच ठाऊक नाही. बाईंनी शाईच्या पेनानं तिथे लिहून ठेवलंय, 'प्रेम म्हणजे अनंत प्रतीक्षा.' वाचलं की त्यांनाच कसंतरी होतं.

टेबलावर तांब्यात मगदुमांनी पाठवलेला निशिगंध आहे. नुसता खोचलाय. पाणी घालायचं बाईंच्या मनात आलं नाही.

"पाणी नाही घातलंस," कुणीतरी म्हणतं.

टेबलाशी एक बाई बसली आहे. भुवया पेन्सिलीनं कोरलेल्या, अंगात रेशमी झगा, गळ्यात मोती, आणि पायांत लोकरीच्या जाड सपाता.

"टाचा वाजतात ना," ती पाय पुढे करून दाखवते. "माईक सगळं पकडतो. मोत्यांनासुद्धा आतून दोरा घालून बांधलंय. बघ, हलत नाहीत."

हेमलताबाई तिला लगेच ओळखतात. ती मराठीत बोलतेय याचं त्यांना काही वाटत नाही. नवल वाटतं ते आवाजाचं. तो चक्क घोगरा आहे, घसा बसलेल्या भाजीवालीसारखा.

"पण हा तुमचा आवाज नाही," त्या म्हणतात.

"हाच माझा आहे. तू सिनेमात ऐकलास तो त्या टेबलाखालच्या मुलीचा."

बाई टेबलक्लॉथ उचलून बघतात. खाली एक मुलगी मांडी घालून बसलीय. चेहरा दिसत नाही. हातात बाईंनीच लिहिलेली पानं आहेत.

"मी माळ्याची पोर," लिझेत सांगते. "दक्षिणेकडची. आधी कॅफेत गायचे, मग मुक्या सिनेमात आले. सात सिनेमे केले. पेपरवाले लिहायचे, हिचा चेहरा बोलतो. आणि मग खरोखर बोलायची वेळ आली! निर्माता म्हणाला, बाई, तुमच्या घशात माती आहे. आहेच की. चार पिढ्या मातीत गेल्या आमच्या."

"मग?"

"मग काय, मी ओठ हलवायचे आणि ती बोलायची. पहिल्या खेळाला मी पुढच्या रांगेत बसले होते. माझ्या तोंडातून दुसरीच बाई बोलतेय. मेल्यासारखं झालं बघ. म्हणजे खरी मेले ती पुष्कळ नंतर, म्हातारपणी, चांगली जेवूनखाऊन."

आणि ती एवढ्या जोरात हसते की टेबलाखालची मुलगी दचकते.

"थांबा, तुम्हाला पाणी देते," म्हणून हेमलताबाई फ्रीज उघडतात. आत कॅमेरामन बसलाय. घामानं निथळलाय आणि मांडीवर कॅमेरा आहे.

"दार लावा हो!" तो खेकसतो. "कॅमेऱ्याची घरघर ऐकू जाते म्हणून तर कोंडलंय मला!"

बाई घाईघाईनं दार लावतात, वळतात, तर त्या वर्गात आहेत. मागे फळा, हातात खडू, समोर बाकांवर साठ मुलं. त्या तोंड उघडतात.

"बाई, ऐकू येत नाही," पहिल्या बाकावरून कुणीतरी म्हणतं. मग दुसऱ्या बाकावरून. मग सगळीच. बाईंच्या तळहाताला घाम सुटतो, खडू भिजतो. गेलं वर्षभर त्यांना नेमकी हीच भीती वाटत आलीय.

"मला येतंय," शेवटच्या बाकावरून लिझेत घोगऱ्या आवाजात ओरडते. "बोल गं तू."

वर्गाच्या छताला दिवे टांगलेले आहेत. बाकं कुणीतरी हलवलीत, आणि मधोमध बाईंचंच जेवणाचं टेबल आहे. त्यावर निशिगंधाचा तांब्या आहे.

"हा शेवटचा प्रसंग," लिझेत कानाशी येऊन सांगते. "माईक फुलांत लपवलाय. मला ते कुणी सांगायला हवं होतं की नाही? ताजी फुलं कोरडी ठेवलेली दिसली. माळ्याची पोर मी, जीव राहीना. शॉट सुरू व्हायच्या आधी चांगला एक जग भरून पाणी ओतलं."

"माईकवर?"

"माईकवर! शॉट मध्यावर आला आणि फुलदाणीतून फस्स! टेबलाखालची पोर किंचाळून पळाली. मी वाकून बघितलं, आणि जे तोंडात आलं ते बोलले. माझ्या आवाजात."

"काय बोललात?"

लिझेत तांब्यात वाकते. "अगं बाई, बुडाला की हा! परत ये रे, हे मला एकटीला नाही निस्तरायचं!"

हेमलताबाई हसतात. हसता हसता त्यांना ठसका लागतो, आवाज फाटतो, आणि तरी त्या हसतच राहतात. कितीतरी महिन्यांत त्या अशा हसलेल्या नाहीत.

"म्हणून तो धावत आला!"

"डायरेक्टर बोंबलत होता म्हणून आला. पण पडद्यावर छान दिसलं. पुन्हा शॉट घ्यायला पैसे नव्हते, तसंच ठेवलं. पुढे मला आवाजासकट कामं मिळाली. सासवा, भांडकुदळ शेजारणी, मासेवाल्या. वीस वर्षं! नायिकांना लोक विसरले, मला भर बाजारात हाका मारायचे. माझं काही वाईट झालं नाही, हेमलता." ती मोत्यांवरून बोट फिरवते. "फक्त माझा हा एकच सिनेमा आज शिल्लक राहिलाय. त्यात तेवढंच मी माझ्या आवाजात बोलले, आणि तेवढंच कुणाला ऐकू गेलं नाही."

हेमलताबाई निशिगंधाची एक कललेली काडी सरळ करतात.

"तन्वीचा आवाज फार गोड आहे हो," त्या कसंबसं म्हणतात.

"टेबलाखालचीचाही होता," लिझेत म्हणते आणि पाण्याचा जग उचलते. "सरक जरा."

पंखा कुरकुरतोय. हेमलताबाई सोफ्यावर उठून बसतात. घरात दुसरं कुणी नाही, दाराला आतून कडी आहे. फ्रीज बंद आहे, तरी त्या उठून एकदा उघडून बघतात. आत दही आणि अर्धा कोबी.

मग त्यांचं लक्ष टेबलाकडे जातं. तांब्या काठोकाठ भरलाय. निशिगंधाच्या माना वर झाल्यात. थोडं पाणी बाहेर सांडून शेवटच्या पानावर आलंय, आणि 'अनंत प्रतीक्षा' शाईसकट वाहून गेलीय. बाई पाण्यात बोट बुडवून बघतात. गार आहे.

त्या खुर्ची ओढतात. ओल्या पानाच्या कोरड्या कोपऱ्यात लिहितात, 'परत ये रे, हे मला एकटीला नाही निस्तरायचं!' आणि मोठ्यानं म्हणून बघतात. आवाज मध्येच फाटतो. नेमका जिथे फाटायला हवा तिथे.

चार वाजता फोन वाजतो. बाई उचलून "हॅलो" म्हणतात.

"नमस्कार काका, मी तन्वी," पलीकडून चांदीच्या वाटीसारखा आवाज येतो. "बाई उठल्या का? कागद न्यायला येऊ ना?"

"बाईच बोलतेय," हेमलताबाई म्हणतात. "उठलेय. कागद न्यायला नको येऊस बाळ. ऐकायला ये."