शेजारी दिलेला फ्रूट केक

मैत्रिणींनो, सकाळी केकचा फोटो टाकला तेव्हा तुम्ही सगळ्या विचारत होतात, चव कशी झाली म्हणून. आता सांगते.

उद्या माझ्या आर्याचा वाढदिवस, म्हणून आज एकदा करून पाहिला. जुन्या पद्धतीचा फ्रूट केक, संत्र्याच्या रसात भिजवलेले मनुके आणि वर लोणी-मैदा-साखरेचा खरपूस भुगा. शेजारच्या काकू अंडं खात नाहीत, म्हणून अंडंही घातलं नाही.

गरम केकचा मोठा तुकडा डब्यात घालून काकूंकडे नेऊन दिला. दुपारी त्या डबा घेऊन आल्या. रिकामा कसा आणतील, आत मूठभर चिन्नोर तांदूळ होते.

"केक मस्त झाला वं बाई. आमच्या तनूनं लगेच संपवला," म्हणाल्या. तनू त्यांची नात.

संध्याकाळी मागे कपडे काढायला गेले. कुंपणापलीकडे त्यांच्या गाईपुढच्या घमेल्यात तो तुकडा तसाच पडला होता. वरचा भुगासुद्धा हलला नव्हता.

आम्ही बौद्ध. सानगडी गावात इतकी वर्षं शेजारी राहतो. त्यांच्या घरचं आम्ही नेहमी खातो. आमच्या घरचं त्यांना खाताना मी कधी पाहिलंच नाही, हे आज लक्षात आलं.

नवऱ्याला सांगितलं. तो म्हणाला, "मले माहीत होतं. तू एवढ्या हौसेनं देत होती, कायले सांगू?"

आर्या आता शेजारी बसून मनुके निवडते आहे. म्हणते, "आई, उद्या पहिला तुकडा मी तनूले देईन."

तुम्हीच सांगा, तिला खरं सांगून टाकू, का उद्या फक्त मागच्या कुंपणाकडे जाऊ द्यायचं नाही, एवढंच करू?